सक्षम जामीनदार

मी लघुलेखक. साहेब बोलतात, मी उतरवतो.
सोलापूरच्या एप्रिलात कोर्टाचा पंखासुद्धा
तारीख दिल्यासारखा फिरतो,
पुढच्या वेळी, पुढच्या वेळी.

शुभसूत्र पतसंस्था. ठेवी एकेचाळीस कोटी.
दोषारोपपत्र नऊ हजार पानं, तीन गठ्ठे.
साक्षीदार तीनशे बारा.
अर्जदार क्रमांक एक, अध्यक्ष,
वय एकसष्ट, साखर, रक्तदाब,
आत येऊन चौदा महिने.

सरकारी वकील म्हणाल्या,
चोर एका घरात शिरतो साहेब,
हे गृहस्थ अकरा हजार घरांत शिरले,
तेही चपला बाहेर काढून.
बचाव म्हणाला, कागद तुमच्याकडे,
मालमत्ता जप्त, खाती गोठलेली,
यांना आत ठेवून
कोणाची ठेव परत येणार आहे?

साहेबांनी चष्मा काढला.
परत लावला की बोलतात.

"खटल्याआधीचा तुरुंग ही शिक्षा नव्हे. पूर्णविराम.
रक्कम मोठी, एवढेच कारण पुरेसे नाही.
तपास संपला आहे, खटला लवकर संपणार नाही.
पारपत्र जमा करावे. साक्षीदारांना भेटू नये.
दर सोमवारी आर्थिक गुन्हे शाखेत हजेरी.
पाच लाखांचा जातमुचलका
आणि तेवढ्याच रकमेचे दोन सक्षम जामीनदार."

जामीनदार बाहेर उभेच होते.
कडक इस्त्री, हातात सातबारा.
चारच्या आत कागद कारागृहाकडे निघाला.

कायद्यानं हेच व्हायला हवं होतं.
आधीच सांगून ठेवतो,
नाहीतर पुढचं ऐकून तुम्ही साहेबांना बोल लावाल.

अर्जदार क्रमांक सात,
मल्लेशम बिंगी, पिग्मी एजंट.
याला जामीन पाच महिन्यांपूर्वीच मिळालेला,
हुकूम मीच टाइप केलेला.
पंचवीस हजार, एक जामीनदार.
तो एक काही मिळेना.
रक्कम पंधरावर आली, तरी नाही.
ज्या गल्ल्यांत याच्या सायकलची घंटी ऐकून
बायका सुटे पैसे काढून ठेवायच्या,
तिथं आता याच्या नावानं दारं लागायची.

आज कुंभारीच्या वसाहतीतून, दोन बसा बदलून,
नर्सव्वा मेरगू आली.
ठेवीदारांच्या यादीत हिचंही नाव, पंचेचाळीस हजार.
तंबाखूनं पिवळी पडलेली बोटं,
पिशवीत घरपट्टीची पावती.

शिरस्तेदार म्हणाले, बाई, बुडालं तुमचं,
आणि जामीन तुम्हीच याला?
"वही खरी होती की त्याची," ती म्हणाली.
"मी तापानं पडले दोन दिवस,
त्यानं शून्य लिहिलं. येऊन, दारात उभं राहून, शून्य.
कारखान्यात छाट काढणारा
असं कधी लिहीत नाही,
चांगल्या विड्या फेकतो आणि गप बसतो."

साहेबांनी चष्मा काढला.
घर केवढं आहे?
"एक खोली."
तिनं त्या तीन गठ्ठ्यांकडे बोट केलं.
"दुसरीचे पैसे तिथं हाईत."

मग रीतीप्रमाणं समजावून सांगितलं,
तारखेला हा आला नाही
तर पंधरा हजार तुम्ही भरायचे.
ती हसली. पदर तोंडावर न घेता, मोकळं.
"भरलेत की. आधीच."

कोर्टात कुणी हसलं नाही.
पंखा फिरत होता.
साहेब खिडकीकडे बघत बराच वेळ काही बोलले नाहीत,
आणि न बोललेलं मी उतरवत नाही.
मग म्हणाले, घ्या. जामीनदार सक्षम.

सही तिनं तेलुगूत केली,
गोल गोल अक्षरं, एकात एक.
पावती पुढं करताना हात थांबला.
"ही परत मिळंल ना?"
खटला संपल्यावर, मी म्हणालो.

तिनं ती उलटीसुलटी करून पाहिली,
वळलेल्या विडीचा दोरा बघावा तशी,
आणि माझ्या टेबलावर ठेवली.