मनगट

तेहेतीस वर्षं झाली,
पडद्यावरच्या बायकांची चुंबनं
मी माझ्या मनगटावर घेते.
माँत्रईच्या तळघरात, पुढ्यात माइक,
बाजूला माझा संसार:
तागाच्या दोन चादरी, एक मऊ, एक खळीची,
ओलं चामडं,
आणि पलंगाच्या ऐवजी करकरणारी एक खुर्ची.
कांती त्यांची, विशीतली.
आवाज माझा.

आज पेरीनचा सिनेमा. तिचा दुसराच.
पडद्यावर आर्मेल, एकटी, भरदुपारची,
खिडकी उघडी. कुणी येणार नाहीये.
सहा मिनिटं कॅमेरा हलत नाही.

मी नेहमीचं दिलं.
धाप, चादरीची सळसळ,
आणि शेवटी तो हुंकार
जो सगळ्या देशाला पाठ आहे.

थांबा, पेरीन म्हणाली.
हे दाराला कान लावलेल्याला येतं तसं झालं, गिस्लेन.
ती तर आत आहे.
आतून कसं येतं?

राग आला मला.
इतक्या वर्षांत हे कुणी विचारलं नव्हतं.
ल्युसियाँने नाही,
आणि खरं सांगायचं तर
मीही नाही.

दिवे घालवायला सांगितले.
चामडं ठेवलं बादलीत.
बसले.
पोटात दुपारचं सूप गुरगुरलं, माइकने तेही घेतलं.
मग आवंढा.
मग टाळूवरून जीभ सुटताना होतो तो बारीक टिचका.
मग अंगठ्याचं नख, चादरीच्या शिवणीवरून,
टाका,
टाका,
एका टाक्यावर अडलेलं.
मग बराच वेळ काहीच नाही
आणि त्यात माझा गुडघा कडकला, अठ्ठावन्न वर्षांचा.
श्वास मी सोडलाच नाही.
तो ऐकू येत नाही म्हणतात.
पण यंत्रावरची हिरवी रेघ
जराशी थरथरली.

पडदा केव्हाच काळा झाला होता.
काचेपलीकडून कुणी थांब म्हणालं नाही.

आता चार माणसं कॉफी पीत ठरवतील
सोळा की अठरा.
दिसतं ते मोजतील, सेकंदांत.
गुडघ्याचं वय कुठल्याच रकान्यात बसायचं नाही.

परतताना बसमध्ये बाही वर सारली.
मनगट कोरडं. लाल नाही, सुजलेलं नाही,
कुणाच्या ओठांना उसनं दिलेलं नाही.
शेजारचा मुलगा बघत होता.
बघू दे.
मी ते कानाला लावलं,
बंद पडलेलं घड्याळ लावतात तसं.