रांगेचं टोक

वाऱ्यात जन्मलो म्हणून माझं नाव एकुवाम.
सव्वीस वर्षं मी त्याची गाडी चालवली.
तेव्हा त्याच्याबद्दल विचाराल
तर मी आधी खड्ड्यांबद्दल सांगेन.

एर्मेस कांदोत्ती. गवंड्याचा मुलगा,
आल्प्सच्या कुठल्याशा वाडीतला,
जिथे म्हणे छपरावरून बर्फ ढकलून द्यावं लागतं.
आम्ही तुर्काना हसत सुटायचो.
डोक्यावर पाणी, आणि ते ढकलून द्यायचं!

आला तेव्हा दाढी इतकी तांबडी
की बकऱ्या बुजायच्या.
आमची बोली तो पोरांकडून शिकला,
म्हणून म्हाताऱ्यांशीही पोरांसारखंच बोलायचा.
म्हाताऱ्यांना त्याची सवय होईतो
तो स्वतःच म्हातारा झाला.

कोरड्या नदीत विहीर खणत होता,
कमरेइतका आत,
तेव्हा रोमचा शिक्का असलेलं पत्र आलं.
वाचलं, घडी घालून टोपीत खोचलं,
म्हणाला, "अजून तीन हात."
पाणी दिवेलागणीला लागलं.
बिशप झाल्याचं आम्हाला
तिसऱ्या दिवशी रेडिओनं सांगितलं.

अंगठी आली, ती बोटात जाईना.
खणून खणून सांधे सुजलेले.
साबण लावून पाहिला, उंटाची चरबी लावली,
शेवटी दोऱ्यात ओवून गळ्यात घातली.
आमच्या बायकांच्या गळ्यात मण्यांचे थरावर थर;
त्या त्याच्याकडे बघून हळहळल्या:
एवढा मोठा माणूस, आणि एकच मणी?

हे सगळं कुणीही सांगेल.

दुष्काळाच्या साली
मक्याची पोती मोजकी होती.
तो तेव्हा नुसता फादर, हातात बाप्तिस्म्याचं रजिस्टर.
ज्यांची नावं त्यात, त्यांना आधी.
वरून हुकूम होता की त्याचंच डोकं, मला माहीत नाही.
मी पोती उतरवत होतो. माझं नाव होतं.

नापेयोकचं नव्हतं.
ती रांगेच्या टोकाला, पाठीशी पोर बांधलेलं.
तिची पाळी आली तेव्हा
पोतं झटकून दाखवलं ते मी.
पीठ उडालं, पोराच्या पापण्यांवर बसलं.
ते त्यानं पुसलंही नाही.

दोन दिवसांनी पोर गेलं.

मग दर वर्षी, त्याच महिन्यात,
बिशप झाल्यावरही,
जांभळा पट्टा गाडीत काढून ठेवून
तो तिच्या झोपडीपर्यंत चालत जायचा.
आमचे वडीलधारे नेतात तसं
लाकडी बैठं बगलेत.
दाराशी बसायचा. ती शेळ्या मोजायची.
सावली सरकली की उठायचा.
असं एकोणीस वर्षं.

एकदा परतताना विचारलं, माफी का मागत नाही?
बराच वेळ तो काचेतून बाहेर बघत राहिला.
"मागितली तर
तिला द्यावी लागेल रे."

विसाव्या वर्षी तिनं दुधाचा भोपळा पुढे केला.
तो प्याला.
मला गाडीतून वाटलं, सुटला एकदाचा.
भोपळा परत घेत ती म्हणाली,
"त्याला दूध आवडायचं,"
आणि आत गेली.

वाटेत चाक पंक्चर झालं.
मला हात लावू दिला नाही. स्वतःच बदललं,
गुडघे टेकून, गरज होती त्याहून कितीतरी जास्त वेळ.

तो गेला तेव्हा नैरोबीहून गाड्या आल्या,
विमानानं पांढरे झगे आले.
पत्र्याच्या चर्चबाहेर दर्शनाची रांग
पार बाभळींपर्यंत.
टोकाला नापेयोक. चार दिवस चालून आलेली.
मी धावत गेलो, म्हटलं, चल पुढे, तुला कोण अडवणार?
तिनं हात सोडवून घेतला.
"रांग सरकू दे."

ऊन चढत होतं.
आतून निरोप आला, पेटी आता बंद करा.
तिच्यापुढे अजून तीसेक माणसं होती
आणि झाकणाची एक बाजू
माझ्या हातात.