शुक्रवारचा मसाला

टायरच्या कारखान्यात सव्वीस वर्षं काढून
थॅडियसमामा घरी आला तेव्हा
पेन्शन होती, भिंतीवरचं घड्याळ होतं.
वास मात्र तिकडेच राहून गेला,
बॉयलरमागच्या खिळ्यावर
कोट विसरावा तसा.

जिभेची चव गेली.
हाताची राहिली.

दर शुक्रवारी रात्री, मेम्फिसच्या त्या घरात,
टेबलावर जुना पेपर, पेपरवर पत्र्याची परात,
भोवती बरण्या.
मी नऊ वर्षांची. माझं नाक कामाला.

"पॅप्रिका सांग."
छान आहे.
"छान हा वास नसतो, ओझेला.
छान आपण पाहुण्यांना म्हणतो."
मग मी पुन्हा बरणीत नाक खुपसायचे:
उन्हात तापलेल्या सायकलच्या सीटसारखा.
"आणि गोड?"
थोडा. अगदी तळाशी.

तो तीन मुठी टाकायचा.
त्याचं एक बोट मशीनने अर्धं खाल्लेलं,
त्या फटीतून वाटेतच थोडं गळायचं,
म्हणून त्याच्या तीन मुठी
दुसऱ्या कुणाच्याच तीन मुठी नव्हत्या.
(आजही मी तिसरी मूठ
जराशी सैल धरते.)

साखर तो कानाने तपासायचा.
तपकिरी, गाठी झालेली, तळव्यात चुरडून:
ओलीचा आवाज बसका, कोरडीचा बोलका.
मीठ जाडं. मिरी मी कुटायची, अर्धवट,
"पीठ नको करूस, दाताला सापडू दे."
मोहरीची पूड?
चर्चमधल्या मिसेस प्रुइटची पर्स उघडल्यासारखी.
लसणाची?
बसमध्ये खेटून बसलेला अनोळखी माणूस.
हसता हसता त्याला ठसका लागायचा.
सेलरीचं बी?
नदीकाठी पालथी घातलेली होडी,
तिच्या पोटाखालचा अंधार.
तो मान हलवायचा. तेवढं त्याला आठवायचं.
लाल तिखटाचं मी सांगतच नसे, शिंकायचे.
एक शिंक म्हणजे पुरे. दोन म्हणजे
साखर वाढव.

एका शुक्रवारी बाकी सगळ्या पोरी स्केटिंगला गेल्या
आणि मी परातीपाशी.
त्याची पाठ वळली तशी
चमचाभर दालचिनी ढकलली आत.
"आणखी काही राहिलं?"
नाही.
त्याचा हात मसाल्यात फिरता फिरता थांबला.
"काहीतरी बारीक आलंय," तो म्हणाला. "रेशमासारखं."
माझ्याकडे पाहिलं.
आणि पुन्हा कालवत राहिला.

शनिवारी पहाटे बरगड्या.
पाठीमागचा पापुद्रा सुरीच्या टोकाने उचलायचा,
कागदात धरून एका दमात ओढायचा,
फाटला तर शिवी, निघाला तर शीळ.
मग मसाला. "चोळू नकोस गं,
तान्ह्या बाळाला पावडर लावतात तसा थाप."
मग हिकरीचं लाकूड, कापलेलं पिंप,
सहा तास धूर, आणि माझ्या पोटात गोळा.

दुपारी तो घडीच्या खुर्चीत बसला.
तो स्वतः खात नसे.
पहिल्या घासाला लोकांचं बोलणं
कुठे तुटतं, तेवढं बघायचा.
क्लिओथाबाई भावजयीची उणीदुणी काढत होत्या,
त्या भावजयीच्या नावापाशीच थांबल्या.
अंगठा चाटला. पुन्हा चाटला.
"थॅडियस, काय घातलंयस यात?"
त्याने हनुवटीने माझ्याकडे दाखवलं.
"तिला विचारा. मला कुठे काय कळतंय."

पुढच्या शुक्रवारी टेबलावर
एक बरणी जास्त होती.
"सांग," तो म्हणाला.
मी बराच वेळ हुंगत राहिले.
रागासारखा, मी म्हटलं. पण उतरत आलेल्या.
"किती घालू?"
एक चिमूट.
"कुणाची चिमूट?"
आणि परात त्याने
माझ्याकडे सरकवली.