सोलांज, कन्नड आगार

नाव सांगितलं की समोरचा म्हणतो,
आडनाव नको बाई, नाव सांगा.
त्याच्या कानात मी सोळंके झालेली असते.
रेशनकार्डावर सोनाज. दहावीच्या सर्टिफिकेटवर सरोज,
ती दुरुस्त करायला बाबा तीनदा औरंगाबादला गेले
आणि तिसऱ्या खेपेला सोलंजी घेऊन परतले.

बाबा वेरूळचे गाइड. संध्याकाळच्या वर्गाला बसून
फ्रेंच शिकलेले, सायकलवर क्रियापदं घोकत.
त्र्याऐंशीच्या मार्चात
सोळाव्या लेण्याच्या अंगणात, दगडी हत्तीच्या सावलीला
एक म्हातारी मडम चक्कर येऊन बसली.
बाबांनी डब्यातलं ताक दिलं.
तिनं दोन्ही हातांनी पेला धरला, नाव सांगितलं
आणि नावासोबत नावाचं सगळं गाठोडं.

ते वहीत आहे, निळ्या शाईत:
मूळ लॅटिन. सोलेम्निया.
विधीपूर्वक. गंभीर. वर्षातून एकदा येणारं, सणासारखं.
खाली पेन्सिलीनं, आईच्या अक्षरात: पोळा?

मी जन्मले पोळ्याच्या तिसऱ्या दिवशी.
बारशाला गयाआत्या कानाशी वाकली, कुर्र केलं.
मधलं अक्षर नाकातून काढायचं, बाबा मागून शिकवत होते,
"लाँ, अक्का, लाँ, नाकातून."
आत्याला शिंक आली.
माझ्या कानात पहिल्यांदा गेलं ते
अर्धं नाव, अर्धी शिंक.

आत्याची मेंढरं होती, चाळीसेक, म्हैसमाळच्या उतारावर.
बाबांनी तिला गोष्ट सांगितली:
तिकडं बेरी नावाचा मुलूख,
हजार-अकराशे वर्षांमागची मेंढ्या राखणारी पोर,
सरदाराच्या लेकाला नाही म्हणाली.
त्यानं मान उडवली.
तर ती वाकली, स्वतःचं डोकं उचललं
आणि हातात घेऊन देवळापर्यंत चालत गेली,
असं तिथले लोक सांगतात. पाणी नसलं की
तिची मिरवणूक काढतात, पाऊस मागतात.

आत्या बराच वेळ गप्प.
मग म्हणाली, "आन् मेंढरं?
मेंढरं कुनी आनली घरी?"

वहीत याचं उत्तर नाही.
पुढं मीही शोधलं. नाही.

नाव किती चालतं म्हणाल,
तर आमच्या तालुक्यात आजवर दोन. मी,
आणि आत्याची एक काळतोंडी मेंढी, माझ्या पाठची,
हाक मारली की माझ्याआधी पोचणारी.

गेल्या डिसेंबरात चौकशीच्या खिडकीशी
एक फ्रेंच पोरगी आली, पाठीवर पिशवी,
पितळखोऱ्याला काही जातं का विचारत.
माझी नावपट्टी वाचली आणि हसायलाच लागली.
फोनवर तक्ता काढून दाखवला:
तिकडच्या पोरींची नावं, सालवार.
माझ्या नावाची रेघ
तिच्या पणजीच्या लहानपणी चांगली उंच,
मग घाट उतरल्यासारखी खाली, खाली,
आता जमिनीलगत.
"हे फक्त म्हाताऱ्यांचं नाव. आता कुणी ठेवत नाही."
आमच्याकडं गयाबाई, ठकूबाई, धोंडाबाई, तसंच की.

मग तिनं ते म्हटलं. पूर्ण. नाकातून.
चाळीस वर्षांनी, शिंक वगळून.
मी मागं वळून पाहिलं, कुणाला हाक मारली म्हणून.

मागं पाण्याचा माठ होता आणि कॅलेंडर.

पावणेपाचची गाडी फलाटाला लागली.
मी माइक ओढला.
पिशोरमार्गे नाचनवेल, फलाट क्रमांक तीन.
दिवसभर गावांची नावं घेते, एकही ढिली सोडत नाही,
एक नाव चुकलं की माणूस
भलत्याच फाट्यावर उतरतो.

गाडी वेळेत निघाली.
पण पिशोरच्या अलीकडं रोज दहा मिनिटं जातात.
ड्रायव्हर इंजिन बंद करून बसतो,
रस्ता मेंढरांनी भरलेला असतो
आणि मागून कुणीतरी येत असतं, काठी आपटत.