नोंद क्रमांक दोनशे बारा

पाचपावलीच्या खोलीत, कूलरच्या घरघरीत
मी एका इंग्रज व्यापाऱ्याचं आयुष्य मराठीत आणतोय.
पानाला नव्वद रुपये. तळटीपांचे वेगळे नाहीत.

अँब्रोज थ्रॅपवेल. जन्मतारीख अज्ञात.
बाबांचीही अज्ञातच,
मास्तरांनी एक जुलै टाकून दिली होती.
बाप हातमोजे शिवणारा. हा लोकरीत शिरला,
मग मिरीत, मग एका जहाजाच्या सोळाव्या हिश्श्यात.
बायका दोन. पहिलीचं नाव मुळातच नाही.

‘आल्डरमन’ला काय लिहू? नगरशेट?
गांधीबागेतले आमचे शेठ आठवले,
ठोक कापडावरून नगरसेवक झालेले.
पेन खाली ठेवलं.

पार्लमेंटात तो दोनदा गेला.
बोलल्याची नोंद एकच:
परदेशी कापडावर जकात वाढवा.
चारशे वर्षं टिकलं एवढं वाक्य.

बाबांचा माग पलंगाखाली आहे, सुटा करून;
फणी वर्तमानपत्रात गुंडाळलेली.
पॉवरलूमचं लुगडं स्वस्त झालं त्या वर्षी
गोळीबार चौकात, बशीतला चहा फुंकत म्हणाले,
“आता कायले ताणा लावाचा?”
टपरीवाल्यानं ऐकलं. मी ऐकलं.

मृत्युपत्रात थ्रॅपवेलनं गावच्या गरिबांसाठी
दर शुक्रवारी बारा पाव लावून दिले.
किती वर्षं, ते कळत नाही,
तिथं मूळ पान फाटलंय.

‘पुढील मजकूर उपलब्ध नाही’ असं लिहितो.
फाटलेलं पान
अर्धं धरतात की पूर्ण,
संपादकांना विचारायला हवं.