किरकोळ रजा

निवृत्ती लभडे. कटिंग सेक्शन, पास नंबर चारशे बारा.
मी रजेच्या टेबलावर, सत्तावीस वर्षं.
माझी सही झाल्याशिवाय त्याला
पडद्यावर एकदाही मरता आलं नाही.

कारण: पोटदुखी. दिवस दोन.
म्हणजे हवालदार. नायिकेच्या बापाला बेड्या घालतो,
मान खाली.
कारण: पोटदुखी. दिवस एक.
म्हणजे डॉक्टर. चष्मा पुसत म्हणतो,
"आता सगळं वरच्याच्या हातात."
कारण: मावशी वारली, मुक्काम सिन्नर.
ही मावशी त्रेपन्न साली वारली, छप्पन्नला वारली,
साठला मी म्हटलं, लभडे,
हिला आता जगू द्या.

रात्रीच्या पॅसेंजरने जायचा,
तिसऱ्या दिवशी पहिल्या पाळीला हजर,
कानामागे रंगाचा एक पट्टा धुवायचा राहिलेला.
सुटताना गेटवर झडती. टोपीत हात, डब्यात हात.
एकदा कोटाच्या खिशात मिशी सापडली.
"ही कुणाची?"
"जमादाराची," म्हणाला, "परत द्यायचीय."

बासष्टला तो खोट्या नोटांच्या टोळीत होता.
तिसरा माणूस. वाक्य एकच:
"मालक, मशीन तापलंय."
मेन रोडच्या थेटरात अख्खी प्रेस लोटली,
आणि सोमवारी सिक्युरिटीच्या साहेबाने त्याला उभा केला.
शाई कुठली? कागद कुठला? मशीन कोणी दाखवलं?
"साहेब, एका बाजूला नोट होती,
मागे चहापत्तीची जाहिरात."
फाईल आठ महिने उघडी. एक इन्क्रिमेंट गेलं.
त्या कामाचे मिळाले सत्तर रुपये.
त्यातली एक नोट आपणच कापलेली, असं तो सांगायचा;
कड ओळखतो म्हणे.

नावाचं एक दुखणं होतं.
पाट्यांवर कधी लाभदे, कधी लभाडे,
एकदा तर चक्क लबाडे.
यमुनावहिनींना वाचता येत नव्हतं, ते बरं.
त्या थेटरात शेंगा सोलत बसायच्या.
मध्यंतर झालं की विचारायच्या, "कधी येणार तुम्ही?"
"येऊन गेलो," म्हणायचा.

मग टीव्ही आला. कॉलनीत पहिला फोरमन गांगुर्ड्यांकडे.
नाटकात हा वकील होता, चांगली चार वाक्यं.
चाळीस माणसं खोलीत, चपला जिन्यापर्यंत,
आणि गच्चीवर गांगुर्ड्यांचा बाळू अँटेना धरून.
लभडे उभा राहिला आणि मुंग्या आल्या.
"डावीकडे! अरे डावीकडे!"
मुंग्यांतून एक काळा कोट हलत होता.
चित्र बसलं तेव्हा न्यायाधीश बोलत होते.
लभडे आमच्यातच बसला होता, जिन्याजवळ.
आपली चार वाक्यं त्याने हळू आवाजात म्हणून दाखवली.
आम्ही न्यायाधीशांकडे बघत ती ऐकली.

अठ्ठ्याहत्तर, श्रावण. अर्ज आला.
कारण: पोटदुखी. दिवस पंधरा.
मी हसलो. "पंधरा? हिरोचा बाप झालात की काय!
कुठलं पिक्चर?"
तो टेबलाची कड धरून उभा होता.
"साहेब, या खेपेला दुखतंय."
मी तरी डोळा मिचकावला.
मंजूर, असं लिहिलं, खाली रेघ ओढली.

ती रेघ मला अजून दिसते.

रजेची रजिस्टरं पुढे नियमाप्रमाणे नष्ट झाली,
आमच्याकडे सगळंच नियमाप्रमाणे नष्ट होतं,
चुकलेल्या नोटासुद्धा, मोजून.
दुपारी कुठल्यातरी चॅनेलवर जुनं काही लागलं
की मी जेवण थांबवतो.
परवा दिसला. दार उघडलं, ट्रे ठेवला, मागे सरला.
नातू म्हणाला, आजोबा, कोण होता तो?

ल, भ, डे, मी सांगितलं.
भ पोटफोड्या नाही, भटजीचा.
नीट लिही.