बी बाजूच्या शेवटी

दर रविवारी मी जुन्या बाजारात जातो.
नळाच्या तोट्या, एका पायाचे बूट,
कुणाच्या तरी लग्नाचा अल्बम
आणि गोणपाटावर ओतलेल्या कॅसेटी.
युनूस ओळखतो आता.
"आले फिलिपिनवाले," म्हणतो,
आणि भजनं, लावण्या, महिन्याभरात इंग्रजी शिका
पायानं सारून मला बसायला जागा करतो.

गाण्याचं नाव माहीत नाही.
बाई गात होती की बाप्या, तेही नक्की नाही.
त्र्याऐंशी साल. कोळशाचं जहाज.
शेजारच्या केबिनमध्ये रोदेलियो, ऑइलर,
पाळी संपवून आला की तेच लावायचा
आणि मधली लोखंडी भिंत
त्याच्या पाठोपाठ गुणगुणायची.

कुंदाला बोलकं पत्र धाडायचं होतं,
माझ्याकडे कोरी कॅसेट नव्हती.
त्यानं ती काढून हातात दिली.
यावर बोल. गाणं मला पाठ आहे.

मी बोललो.
पैसे पोचले का. गॅसचा नंबर लागला का.
कर्वेनगरच्या प्लॉटवाल्याला चेक देऊ नकोस.
आईच्या गुडघ्याला तेल.
एकोणतीस मिनिटं बोललो, पुढे काही सुचेना.
माझ्या आवाजाखालून
अकरा सेकंद तेवढे वाचले,
त्यात एकच शब्द हाताला लागतो: महाल.
चाळीस वर्षं मला वाटत होतं,
तिकडे कुणीतरी कुणासाठी राजवाडा बांधतंय.

दातारबाईंना चाल म्हणून दाखवली.
"सुरुवात देसची," त्या म्हणाल्या,
"पुढे तुम्ही बिघडवलीत."

गेल्या महिन्यात कॅम्पातल्या चर्चबाहेर
मनिलाची एक नर्स भेटली, नातवाच्या ओळखीची.
मोबाइल कानाला लावून दोनदा ऐकलं तिनं.
गाणं नाही ओळखलं. आईच्या वेळचं असेल, म्हणाली.
पण महाल म्हणजे प्रेम.
आणि महागसुद्धा.
आमच्याकडे दोन्हीला तोच शब्द.

घरी येऊन कुंदाला सांगितलं.
ती गवार मोडत होती. हं, म्हणाली.
थोड्या वेळानं ताटलीतल्या शेंगांवरून
ते अकरा सेकंद आले,
टेप खरखरते तिथे खरखरून,
तुटते तिथे तुटून.

तुला कसं येतं?
"तुमचं बोलणं संपल्यावर
लगेच कुठे बंद करत होते मी?"

मग शिरा गोळा करत म्हणाली,
"सापडलं का पुढचं?"
नाही.
"बरं. रविवारी येताना गवार आणू नका.
महाग झालीय."